खालून शिकवणारे गुरुजी

नाचाचा क्लास वरच्या मजल्यावर चालतो आणि नाच शिकवणारे गुरुजी खालच्या मजल्यावर, आमच्या दिवाणावर, छताकडे डोळे लावून बसलेले असतात. हे वाक्य मी आजवर इतक्या पाहुण्यांना समजावून सांगितलंय की आता ते मला तोंडपाठ झालंय. तरी पाहुणे आधी गुरुजींकडे बघतात, मग पंख्याकडे, मग माझ्याकडे. पंखा बिघडलाय आणि हे मिस्त्री आहेत, अशी बहुतेकांची समजूत होते. एका मावशींनी तर जाता जाता त्यांना आपल्या घरचा कूलर बघायला बोलावलं होतं.

गुरुजी म्हणजे पुरुषोत्तम खेडीकर, कथकचे गुरू. मानेवाडा रोडवरच्या आमच्या फ्लॅट स्कीममध्ये ते दुसऱ्या मजल्यावर राहतात, आम्ही पहिल्यावर, बरोबर त्यांच्या खाली. त्यांच्या हॉलची फरशी म्हणजेच आमच्या हॉलचं छत. संध्याकाळी पाच वाजता मुली घुंगरू बांधून त्या फरशीवर तत्कार सुरू करतात, म्हणजे नुसत्या पावलांनी ताल धरतात. थोड्या वेळाने आमची बेल वाजते. चपला दाराबाहेर नीट जोडून ठेवून गुरुजी आत येतात, ‘वहिनी, डिस्टर्ब तं नाही ना केलं?’ असं विचारतात आणि उत्तराची वाट न पाहता दिवाणावर बसतात.

“समोर उभं राहिलं का चेहरा दिसते, वहिनी,” हे त्यांचं शास्त्र. “पोरगी हसली का चूक लपते. डोळे फिरवले का चूक लपते. खालून काहीच लपून नाही राहत. खालून निस्ता पाय येते.”

चूक सापडली की सांगायची कशी, याचाही बंदोबस्त आहे. आमच्याकडे जाळी काढायचा बांबू आहे. तो गुरुजींनी कधी हातात घेतला ते आठवत नाही, पण आता जाळी काढायची असली तर मला तो त्यांच्याकडे मागावा लागतो. बांबूने छतावर एक ठोका म्हणजे थांबा. दोन ठोके म्हणजे डावा पाय कच्चा पडतोय. तीन ठोके म्हणजे शाबास. तीन ठोके मी आजवर ऐकलेले नाहीत. उजव्या पायासाठी खूणच नाही, कारण गुरुजींच्या मते उजवा पाय कोणाचाही बरा पडतो, माणूस उघडा पडतो तो डाव्यात. आमच्या छताला त्या जागी नारळाएवढा खड्डा झालाय आणि त्यातला चुना आमच्या ह्यांच्या चहात पडतो. ह्यांनी एकदा कप पुढे करून गुरुजींना तो दाखवला. गुरुजींनी कपात वाकून नीट पाहिलं.

“अगा राजाभाऊ, चुन्यानं हाडं मजबूत होते,” ते म्हणाले, आणि पुन्हा वर बघू लागले.

माझ्या भाचीला बघायला मौद्याहून मंडळी आली होती, तो प्रसंग तर आमच्या घराण्यात अजून सांगितला जातो. कांदेपोहे झाले होते. मुलाचे वडील मांडीवर थाप मारून सांगत होते, “आमचा मुलगा सुपारीचं खांडसुद्धा तोंडात टाकत नाही.” त्याच क्षणी दिवाणावरून बांबू उठला, छतावर ठक् झालं आणि गुरुजी कडाडले, “चूक! साफ चूक!” वरच्या मुलीचं पाऊल चुकलं होतं, हे मी त्या लोकांना शपथेवर सांगितलं. ते हसले, पण चहा अर्धा टाकून गेले. भाचीचं पुढे चांगलं झालं. तरी तिला अजून वाटतं की गुरुजींना त्या मुलाबद्दल काहीतरी आतून ठाऊक होतं.

हे सगळं मी हसत सांगत असले तरी गुरुजी स्वतः कधी निवांत बसलेले मी पाहिले नाहीत. तो माणूस काळजीने बनलेला आहे. ‘मले लक्षण काही ठीक दिसून नाही राहिलं,’ हे त्यांचं पेटंट वाक्य. ढग आले तरी लक्षण ठीक नसतं आणि ढग गेले तरी नसतं. मुलगी वेळेवर आली तर एवढ्या लवकर काहून आली, घरी भांडण तं नाही झालं? उशिरा आली तर रिंग रोडवर ट्रक फार वाढलेत. क्लास सुटला की आमच्याच दिवाणावर बसून ते एकेका घरी फोन लावतात. “पोहोचली का? दिसून राहिली का तुम्हाले? समोर आहे? पायाले काही लागलं तं नाही?” बिचाऱ्या आया मुलीला फोनवर आणून ‘पोहोचले गुरुजी’ असं वदवून घेतात, तेव्हा कुठे गुरुजी पुढचा नंबर लावतात.

मुलींवर ओरडतात तेही काळजीनेच. “काय वं, पाय आहे का पापड? जोरात टाक!” असं एकदा म्हणतात आणि लगेच खिडकीतून वर मान करून, “जास्त जोरात नको बाप्पा, गुडघा जाईन!” मुलींनी नेमकं काय करायचं ते त्यांनाही कळत नाही.

कार्यक्रमाच्या दिवशी मी त्यांच्या वाट्याला जात नाही. मागे एकदा गेले होते. पडदा उघडायला अर्धा तास होता आणि गुरुजी अख्ख्या स्टेजवर रांगत होते. झब्बा-धोतर, कपाळाला गंध, आणि हातात हातोडी. नाटकवाले सेट उभा करताना खिळे ठोकतात आणि काढताना डोकी तशीच वर ठेवतात. चक्कर घेताना तो खिळा पायात गेला तर? म्हणून ते तळहाताने फळीन् फळी चाचपत होते. तेवढ्यात प्रमुख पाहुणे हार घालून घ्यायला स्टेजवर आले. ते मोठे अधिकारी होते. संयोजक म्हणाले, “हे आमचे गुरुजी.” अधिकाऱ्यांनी हात पुढे केला. गुरुजींनी खालूनच त्यांच्या बुटाला हात लावून तो बाजूला सरकवला, त्याखालची फळी चाचपली आणि म्हणाले, “इथं ठीक आहे. उभे राहा.”

त्यांचं मूळ गाव पारशिवनीकडचं. घरची शेती, पण गुरुजींचे पाय लहानपणापासून एका जागी ठरत नव्हते. गावात खडी गंमत, म्हणजे तमाशासारखा नाचगाण्याचा खेळ, व्हायची, त्यात मिसरूड फुटायच्या आत ते लुगडं नेसून उभे राहिले. वडिलांनी भर गर्दीतून कान धरून घरी नेलं. पण त्या गर्दीत मूळचे जबलपूरकडचे पण नागपुरात राहणारे एक कथकचे उस्ताद बसले होते. त्यांनी दुसऱ्या दिवशी घरी येऊन वडिलांना सांगितलं, लडके के पैर मुझे दे दो, बाकी आप रख लो. वडिलांनी पायही दिले नाहीत. मग दोन वर्षांनी पाय स्वतःच निघून नागपूरला आले आणि उस्तादांच्या घरी पाणी भरत, पाय चेपत नाच शिकले.

नाचावर पोट भरण्यासारखे दिवस नव्हते म्हणून सरकारी कचेरीत कारकून झाले. तिथे टेबलाखाली दिवसभर तत्कार चालायचा. शेजारच्या टेबलावरची दौत थरथरत थरथरत काठावर यायची आणि पडायची. ‘नाच्या कारकून’ म्हणून लोक हसायचे. हे सांगताना गुरुजी स्वतःही हसतात, मग एकदम थांबून विचारतात, “पण मी कोणाचं काम थांबवलं नाही ना, वहिनी?” जसं काही मी तिथे हजेरी घ्यायला बसले होते.

त्या दिवसांत त्यांच्याशी लग्न करायला एकच मुलगी तयार झाली, ती शालू. शालूवहिनी. मूलबाळ झालं नाही. क्लासमध्ये पेटीवर नगमा त्या धरायच्या. नगमा म्हणजे तेच ते सूर फिरून फिरून येत राहतात आणि नाचणारी त्यांना धरून चालते. गुरुजी समोर उभे राहून ओरडायचे आणि शालूवहिनी बाजूला बसून शांतपणे तेच सूर वाजवत राहायच्या. काही वर्षांपूर्वी त्या गेल्या. आता नगमा फोनमधून येतो.

त्या गेल्या त्याच वर्षी, दिवाळीनंतर, गुरुजींनी पहिल्यांदा आमची बेल वाजवली. ‘पोरी नाचून राहिल्या, तुमच्या स्लॅबले तडा तं नाही गेला? मले लक्षण काही ठीक नाही वाटत,’ म्हणाले. दिवाणावर बसून त्यांनी छत पाहिलं. बराच वेळ पाहिलं. तडा नव्हता. दुसऱ्या दिवशी पुन्हा आले, आणि मग ते खालून ऐकण्याचं शास्त्र निघालं. मी ह्यांना म्हटलं, म्हाताऱ्याला नवीन खूळ लागलं. यापलीकडे आम्ही काही विचार केला नाही.

आता गेल्या काही महिन्यांची गोष्ट. क्लासमध्ये मुली वाढल्या. आमच्या गल्लीत संध्याकाळी स्कुट्यांची ही गर्दी, की दूधवालासुद्धा आत शिरेना. सायली ही गुरुजींची सगळ्यात तयार शिष्या. तिच्या आईने पुढाकार घेतला आणि बेस्याला नवीन बांधलेल्या एका बिल्डिंगमध्ये तळमजल्यावरचा हॉल शोधून काढला. लाकडी फ्लोअरिंग, भिंतभर आरसा, एसी, समोर पार्किंग. पालक सगळे एका पायावर तयार. गुरुजींना राजी करायचं काम माझ्याकडे आलं.

“काकू, तुमचं ऐकतात ते,” सायलीची आई म्हणाली. “अन् तुम्हालाही आराम ना. किती वर्षं ठोकून राहिलेत ते तुमचं छत.”

खोटं कशाला बोलू, मलाही तो आराम हवा होता. छत रंगवून घ्यायचं होतं.

आम्ही सगळे हॉल बघायला गेलो. गुरुजींनी फळ्या चाचपल्या. एकही खिळा वर नव्हता. टाच मारून पाहिली. आवाज गोल, भरलेला आला. सायलीची आई माझ्याकडे पाहून हसली. गुरुजींनी हॉलच्या मालकाला विचारलं, “खाली कोण राहते?”

“खाली? खाली कोणी नाही, गुरुजी. खाली जमीन आहे.”

“काहीच नाही?”

“मुरूम टाकलाय ना चांगला. ब्लॅक कॉटन सॉइल आहे इथं, म्हणून.”

गुरुजींनी माझ्याकडे असं पाहिलं, जसं काही मीच त्यांच्या पायाखाली मुरूम टाकला होता. “मग ऐकाचं कुठून?” ते म्हणाले. सगळे हसले. मीही हसले. ते मात्र आरशात स्वतःकडे बघत उभे होते.

पण नाही म्हणणं त्यांच्या स्वभावात नाही. पोरींच्या गुडघ्यांना लाकूड चांगलं, हे त्यांनीच तर आयुष्यभर सांगितलेलं. पुढच्या आठवड्यात क्लास बेस्याला गेला.

आमच्या घरी शांतता आली. पहिले दोन दिवस मी दुपारची झोप पाच-साडेपाचपर्यंत लांबवली. ह्यांनी चहात काही पडलं नाही म्हणून दुसरा कप मागितला. आणि मग माझी झोप उडाली. वरती काहीच आवाज नाही, ही गोष्ट माझ्या डोक्यात शिरली. गुरुजी सकाळी उठतात, तेव्हा पलंगापासून मोरीपर्यंत त्यांची पावलं वाजतात. एके सकाळी ती वाजली नाहीत. मी कणीक मळता मळता हात थांबवला. म्हातारा पडला तर नाही? वर जाऊ का? लक्षण काही ठीक नाही, असं मी चक्क मोठ्याने म्हणाले. मग वर बादली सरकल्याचा आवाज आला आणि माझा जीव भांड्यात पडला. त्या दिवसापासून मला छंदच लागला. मान वर करून ऐकत बसायचं. ह्यांनी विचारलं, पंखा बिघडला का?

दिवाळीच्या थोडं आधी सायली एकटीच माझ्याकडे आली. आल्या आल्या तिचे डोळे भरले.

“काकू, गुरुजी रागावतच नाहीत आता,” ती म्हणाली. “समोर खुर्चीवर बसून राहतात. मी काल तिहाईत मुद्दाम पाऊल चुकवलं. तरी ‘छान’ म्हणाले.”

“छान म्हणाले?” मला धस्स झालं.

“अन् म्हणाले, दिवाळीनंतर दुसरे सर पाहून घे. आता मले काही ऐकू नाही येऊन राहिलं. मी आईला सांगितलं, तर ती म्हणते कानाच्या डॉक्टरकडे नेऊ.”

त्यांच्या कानाला काहीही झालेलं नव्हतं. आमच्या स्वयंपाकघरात दूध उतू जायच्या बेतात असलं तर दिवाणावरून तेच आधी ओरडायचे. पण मग झालं काय होतं? ज्या माणसाने लुगड्यापासून कचेरीपर्यंत सगळी हेटाळणी गिळून पाय थांबवले नाहीत, तो आता एसी हॉलमध्ये थांबणार? मला राहून राहून वाटत होतं की यात कुठेतरी माझ्या रंगवायच्या छताचा हात आहे.

त्याच संध्याकाळी आठच्या सुमाराला बेल वाजली. चपला जोडून ठेवून गुरुजी आत आले. डिस्टर्ब केलं का, हे विचारलं नाही. दिवाणावर बसले आणि सवयीने वर पाहिलं. वर अर्थातच काही नव्हतं. हे पेपरमधून डोकं वर काढून बघायला लागले, मी खुणेने त्यांना गप्प बसवलं.

“वहिनी, एक विचारू? हसू नका.”

“विचारा ना.”

“वर कोणी चाललं, तं अजून येते का इथं आवाज?”

“येतो की. तुम्ही चालता तेव्हा येतो.”

“मी चालतो तेव्हा मी वर राहतो ना,” गुरुजी म्हणाले. “मले कसा येईन?”

मला पटकन काही समजलं नाही. ते बांबूकडे बघत होते. तो कोपऱ्यात उभा होता आणि त्याच्या टोकाला अजून चुना होता.

“शालू गेली, तेव्हा मी आलो होतो ना तुमच्या इथं, स्लॅब पाहाले,” ते सांगू लागले. “स्लॅबचं निमित्त होतं. पोरींसमोर उभं राहवून नाही राहिलं होतं, ते पेटीवालं कोपरं दिसे. म्हणून खाली आलो. इथं बसलो अन् वर पाहलं, तं वाटलं, घरात माणसं आहेत. मी जरा शेजारी येऊन बसलो आहो, अन् माझ्या घरात माणसं आहेत. वर असलो का त्या पोरी राहते, सात वाजले का चालल्या जाते. इथून ते घर राहते, वहिनी.”

“मग ते शास्त्र?” ह्यांनी विचारलं.

“शास्त्र एकदम बरोबर आहे गा!” गुरुजी जरा चिडलेच. “खालून चूक पक्की सापडते. पण राजाभाऊ, चूक सापडाले कोणी रोज दोन तास लोकाच्या दिवाणावर बसते का?”

ह्यांनी पेपर घडी करून ठेवला. मी उठले.

“चावी द्या,” मी म्हटलं.

“काहून?”

“विरजणाला दही पाहिजे. तुमच्याकडे असेल.”

“दही तं...”

“द्या म्हटलं ना.”

मी वर गेले. दार उघडून दिवा लावला. हॉलमध्ये मधल्या फरश्यांची चकाकी उडून गेली होती आणि कडेच्या फरश्या नव्या कोऱ्या दिसत होत्या. कोपऱ्यात पेटी, तिच्यावर शालूवहिनींच्या हातचं विणकाम, त्यावर धुळीचा कण नाही. एक खुर्ची. दोरीवर वाळत घातलेला एक झब्बा. इतक्या मुलींचा धिंगाणा वर्षानुवर्षं ऐकलेल्या मला ते घर इतकं रिकामं असेल असं कधी वाटलं नव्हतं. मी दारातच चपला काढल्या आणि मधोमध जाऊन उभी राहिले. आता काय करायचं ते कळेना. आयुष्यभर मी शाळेत भूगोल शिकवला. नाचाशी संबंध एवढाच की स्नेहसंमेलनात मुलींच्या वेण्या घालायचे.

मग मी नुसती चालायला लागले. खिडकीपासून स्वयंपाकघरापर्यंत, स्वयंपाकघरापासून पेटीपर्यंत. ओट्यावरचं भांडं उगाच खाली ठेवलं, पुन्हा वर ठेवलं. जसं आपण आपल्या घरात संध्याकाळी करतो तसं. टाच जरा दाबून टाकत होते, खाली पोहोचावी म्हणून. खालून काहीच आवाज नव्हता. मी हे काय करून बसले? शेजारच्या माणसाच्या दुःखावर पाय आपटत फिरतेय. खाली ते रडत असतील, आणि आमच्या ह्यांना रडणाऱ्या माणसासमोर पाण्याचा ग्लाससुद्धा धरता येत नाही. परत जावं का? मी दाराकडे वळले.

तेवढ्यात माझ्या पायाखाली फरशी वाजली.

ठक्. ठक्.

मी थांबले. कान दिले. तिसरा ठोका आला नाही. दोनच होते.

मी पदर खोचला, खिडकीशी परत गेले, आणि डावा पाय नीट दाबून टाकत पुन्हा पहिल्यापासून चालायला लागले.